हंस आणि बगळा : माळव्यातील निर्गुण गायनातील एका रूपकाचा विचार

मराठीत आणि हिंदीत ‘बगळा’ हा शब्द पक्ष्यापेक्षा माणसासाठीच जास्त वापरला जातो. बगळाभगत, बकध्यान, बगळ्यासारखे टपून बसणे ही त्याची नेहमीची रूपे. भाषेच्या प्रश्नपत्रिकेत यांपैकी एखाद्याचा अर्थ विचारला की विद्यार्थी ‘ढोंग करणे’ असे लिहितो आणि त्याला पूर्ण गुण मिळतात. उत्तर चुकीचे नाही. मात्र या दोन शब्दांच्या मागे जी वाङ्मयीन परंपरा उभी आहे ती एवढी एकमुखी नाही, आणि ज्या पक्ष्यावरून हे सर्व रचले गेले तो पक्षी तर या अर्थाला फारसा दुजोराही देत नाही. प्रस्तुत लेखात हंस आणि बगळा या जोडीचा, विशेषतः माळव्यातील निर्गुण गायनात ती ज्या रीतीने येते त्या रीतीचा, विचार करावयाचा आहे.

माळवा निवडण्यास कारण आहे. धार आणि देवास ही दोन्ही पवार घराण्याची संस्थाने. देवासला तर थोरली पाती आणि धाकटी पाती अशा दोन गाद्या एकाच गावात नांदत होत्या. अठराव्या शतकापासून येथे मराठी कुटुंबे वसली. आज हे दोन्ही जिल्हे मध्य प्रदेशात आहेत, बाजाराची भाषा माळवी आणि हिंदी आहे, तरी घरात मराठी बोलणारे लोक तेथे आहेत. १९४८ साली क्षयाने आजारी असलेले कुमार गंधर्व हवापालटासाठी देवासला आले आणि १९९२ मध्ये निधन होईपर्यंत तेथेच राहिले. अंथरुणावर असताना त्यांच्या कानांवर माळवी लोकगीते पडली, आणि पुढे नाथपंथी व कबीरपंथी भजने गाण्याची एक स्वतंत्र रीत त्यांनी घडविली. त्याच मुलखात खेड्यापाड्यांतून तंबुरा आणि मंजिरी घेऊन रात्रभर कबीर गाणाऱ्या मंडळ्या आहेत. प्रह्लादसिंह टिपानिया यांच्यामुळे त्या देशभर माहीत झाल्या. १९९० च्या दशकात एकलव्य या शैक्षणिक संस्थेने देवासला कबीर भजन मंडळ्यांसाठी एक मंच चालविला, ज्यात गाण्याबरोबर गाण्याच्या अर्थावरही चर्चा होत असे. म्हणजे ‘हंस’ हा शब्द येथे केवळ पुस्तकात राहिलेला नाही, तो रोज गायला जातो. आणि बगळा तर देवासच्या माताजीच्या टेकडीखालच्या मीठा तलावावर, धारच्या तलावांवर आणि भोवतालच्या प्रत्येक शेतात उभा असतो.

पक्षी कोणता

बगळा म्हणून आपण जो एक पक्षी समजतो ते वस्तुतः चार वेगळे पक्षी आहेत, आणि पाचवा त्यांचा भाऊबंद आहे. मोठा बगळा हा उंच, मानेला स्पष्ट बाक असलेला. तोंडाची रेघ डोळ्याच्याही मागे गेलेली. मध्यम बगळा त्याच्याहून लहान, पाय काळे. लहान बगळ्याची चोच काळी, पाय काळे आणि पायांची बोटे मात्र पिवळी, जणू पिवळे मोजे घालून पाण्यात उतरला आहे. चौथा गायबगळा, जो गुराढोरांच्या पायांत वावरतो. पाचवा तपकिरी रेघांचा, पाण्याच्या काठी मातीत मिसळून गेलेला छोटा पक्षी. त्याला आपण ढोकरी म्हणतो. त्याच्याविषयी पुढे स्वतंत्र सांगावे लागेल.

आता ‘ध्यान लावून बसणे’ हे वर्णन या पाचांपैकी कोणाला लागू पडते हे पाहू. मोठा बगळा आणि ढोकरी खरोखरच बराच वेळ निश्चल उभे राहतात. लहान बगळा मात्र उथळ पाण्यात धावतो, वळतो, पंख अर्धे उघडतो, आणि त्या पिवळ्या बोटांनी तळचा गाळ हलवून लपलेले मासे उठवतो. त्याच्यावर ध्यानाचा आरोप करणे म्हणजे कबड्डीच्या खेळाडूला समाधिस्थ म्हणण्यासारखे आहे. गायबगळ्याचा तर माशांशी फारसा संबंधच नाही. चरणाऱ्या जनावराच्या पावलांनी गवतातून जे टोळ, नाकतोडे, किडे उडतात ते तो टिपतो. जनावराबरोबर राहिल्याने त्याला कमी पावलांत जास्त खाद्य मिळते. माळव्याच्या काळ्या जमिनीत बैलांची जागा ट्रॅक्टरने घेतली, कापूस आणि ज्वारीच्या रानांत गेल्या चाळीस-पन्नास वर्षांत सोयाबीन पसरले, आणि गायबगळा निमूटपणे ट्रॅक्टरच्या मागे चालू लागला. त्याच्या आफ्रिकेकडील भाईबंदांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कोणीही न नेता अटलांटिक ओलांडून दक्षिण अमेरिका गाठली आणि पुढे तेथील गुरांच्या कुरणांबरोबर ते उत्तरेकडे पसरत गेले. एका जागी डोळे मिटून बसणाऱ्याचे हे चरित्र नव्हे.

निश्चल उभे राहणाऱ्या बगळ्याच्या बाबतीतही ‘सोंग’ हा शब्द बसत नाही. पाण्याखालचा मासा आपल्याला दिसतो तेथे नसतो. प्रकाशाच्या अपवर्तनामुळे तो वर सरकल्यासारखा दिसतो. समुद्रकाठी राहणाऱ्या एका जातीच्या बगळ्यावर इस्रायलमध्ये झालेले आणि १९८७ साली प्रसिद्ध झालेले संशोधन असे दाखविते की हा पक्षी चोच मारण्यापूर्वी डोळा आणि भक्ष्य यांच्यात ठरावीक कोन साधतो आणि दिसणाऱ्या खोलीतून खऱ्या खोलीचा हिशेब करतो. आपण ज्याला ध्यान म्हणतो ते मोजमाप आहे. हालचाल केली तर मासा पळेल आणि मोजमापही बिघडेल, म्हणून तो हलत नाही. यात तो माशाला ‘मी भक्त आहे’ असे सांगत नाही. ते सांगणारे आपण.

शुभ्रतेविषयीही थोडे बोलले पाहिजे, कारण सगळे रूपक त्या रंगावर टेकलेले आहे. पावसाळ्यात विणीचे दिवस आले की गायबगळ्याचे डोके, मान आणि पाठ केशरी-पिवळसर होते. ज्याला आपण वर्षभर पांढरेपणावरून ओळखतो तो ऐन संसाराच्या काळात पांढरा राहत नाही. बाकीच्या बगळ्यांना त्याच दिवसांत पाठीवर झालरीसारखी लांब पिसे येतात. ही पिसेच त्यांच्या जिवावर उठली. युरोपातील स्त्रियांच्या टोप्यांसाठी एकोणिसाव्या शतकात या पिसांचा मोठा व्यापार झाला, वीण चालू असतानाच पक्षी मारले गेले, आणि हिंदुस्थानातून पिसांच्या निर्यातीवर १९०२ मध्ये बंदी घालावी लागली. सिंधमध्ये तर पिसांसाठी बगळे पाळले जात. कलगीला युरोपीय भाषांत जो शब्द आहे तो बगळ्याच्या नावापासूनच आला आहे. मोगल चित्रांत बादशहाच्या पगडीवर जी काळी कलगी दिसते तीही बगळ्याच्याच कुळातील पक्ष्यांच्या पिसांची. म्हणजे ज्याचे नाव घेणे ही शिवी, त्याचे पीस डोक्यावर मिरवणे हा मान. कोशकारांनी ही नोंद एकत्र केलेली मला कोठे दिसली नाही.

हंस कोठे आहे

जोडीतील दुसऱ्याची चौकशी केली तर वेगळीच अडचण येते. बगळा समोर आहे. हंस कोठे आहे? संस्कृत काव्यशास्त्राने या प्रश्नाचे उत्तर फार पूर्वी, आणि फार प्रामाणिकपणे, देऊन ठेवले आहे. धारच्या भोजराजाच्या सुमारे शंभर वर्षे आधी झालेल्या राजशेखराने ‘काव्यमीमांसा’ या ग्रंथात कविसमयांची, म्हणजे कवींनी आपसांत मान्य केलेल्या संकेतांची, यादी दिली आहे. प्रत्यक्षात नसलेल्या गोष्टींचे वर्णन करण्याच्या संकेतांत त्याने नद्यांमध्ये कमळे आणि कोणत्याही जलाशयावर हंस असे दोन्ही नमूद केले आहेत. तळे आले की हंस आला, मग तो तेथे असो वा नसो. दूध आणि पाणी वेगळे करणारा, मोती खाणारा हंस हा अशाच संकेतांच्या घरातला.

हिवाळ्यात मध्य भारताच्या तलावांवर जे खरे हंस उतरतात, म्हणजे डोक्यावर दोन काळे पट्टे असलेले कादंब हंस, ते हिमालय ओलांडून येतात हे आश्चर्यच आहे. परंतु ते मोती खात नाहीत. ते गवत खातात आणि रात्रीच्या वेळी हरभऱ्याच्या व गव्हाच्या कोवळ्या रोपांवर ताव मारतात. शेतकऱ्याच्या वहीत हिशेब लिहिला तर हंस नुकसानीच्या बाजूला पडतो आणि टोळ खाणारा बगळा जमेच्या. हे लिहिताना कवीची थट्टा करण्याचा हेतू नाही. कवी शेतीचा हिशेब लिहायला बसलेला नव्हता, आणि त्याचा हंस हा मुळात पक्षी नाहीच.

निर्गुण परंपरेत ही गोष्ट सर्वांत स्पष्ट होते. नाथपंथी योगात श्वास आत जाताना आणि बाहेर येताना जो ध्वनी मानला आहे तो ‘हं’ आणि ‘सः’ असा. म्हणून हंस म्हणजे श्वास, आणि श्वासाबरोबर देहात वस्तीला आलेला जीव. देवासला शीलनाथांची धुनी आहे. नाथांचे हे बोलणे त्या गावाला परके नाही. हंस एकटाच उडून जाईल अशा अर्थाचे जे भजन कुमार गंधर्वांच्या आवाजात घरोघरी पोहोचले, त्यात हा जीव देह सोडून निघाला आहे. ते भजन गाणाऱ्या माणसाचे एक फुप्फुस क्षयाने निकामी झालेले होते हे ध्यानात घेतले की ‘हंस म्हणजे श्वास’ हे समीकरण कोशातून बाहेर येते. त्यांच्या निर्गुण गायनात स्वर मोकळ्या जागेत फेकल्यासारखा सुटतो, आणि मग बराच वेळ काहीच येत नाही. समीक्षकांनी या शांततेवर पुष्कळ लिहिले आहे. मला येथे एवढेच नोंदवायचे आहे की तेथे हंसाची जात, रंग, आहार यांपैकी कशाचाही प्रश्न उद्भवत नाही. आणि मुख्य म्हणजे ‘हंसा’ ही हाक आहे. गाणारा ती दुसऱ्या कोणाला नाही, स्वतःला मारतो.

दोन साख्या, दोन कसोट्या

आता बगळ्याकडे. कबीराच्या नावावर ज्या साख्या माळव्यात आणि उत्तरेत सर्वत्र म्हटल्या जातात त्यांपैकी दोन येथे महत्त्वाच्या आहेत. पहिलीचा आशय असा की एकाच सरोवरावर हंस आणि बगळा दोन्ही सारखेच दिसतात. फरक एवढाच की एक मासळी धुंडाळतो आणि दुसरा मोती वेचतो. दुसरीचा आशय असा की बगळ्याचे अंग उजळ पण मन मलिन; त्यापेक्षा कावळा बरा, तो आतबाहेर एकाच रंगाचा आहे.

वर्गात या दोन्ही एकाच अर्थाच्या म्हणून शिकविल्या जातात. माझ्या मते त्या एकमेकींपासून फार दूर आहेत. पहिली साखी सांगते की रंगावरून निवाडा करू नका, तो काय वेचतो ते पाहा. ही कसोटी उघड्यावरची आहे. कोणीही काठावर उभे राहून ती लावू शकतो आणि बगळ्यालाही तिला उत्तर देता येते. दुसरी साखी मनाच्या रंगाविषयी बोलते. मन कोणी पाहिले? येथे पाहण्यासारखे काही उरत नाही. पांढरे असणे हाच पुरावा होतो, कारण जितके बाहेरून स्वच्छ तितका आतल्या मळाचा संशय दाट. या आरोपाला उत्तर नाही. स्वच्छ राहिले तर ढोंगी, मळके राहिले तर मळकेच.

आपल्या भाषेत जी म्हण उरली ती दुसऱ्या साखीच्या वंशातली आहे. पहिलीत कसोटी होती, म्हणीत नुसता निकाल राहिला. ‘बगळाभगत’ म्हणणाऱ्याला समोरच्याने काय केले हे दाखविण्याची गरज पडत नाही. त्याचे कपडे, त्याची माळ, त्याची टोपी, त्याची दाढी, त्याचा टिळा दाखविला की पुरते. निवडणुकीच्या दिवसांत हा शब्द सर्व पक्ष सर्वांसाठी वापरतात तेव्हा हसू येते. तोच शब्द महाविद्यालयात वक्तशीर नमाज पढणाऱ्या किंवा एकादशी पाळणाऱ्या एखाद्या साध्या मुलासाठी मित्रांनी वापरला, की त्या मुलाला आपला आहार कोणता हे सांगण्याची संधीच नसते. निर्गुण संतांनी पंडित आणि मुल्ला या दोघांनाही खडसावले यात शंका नाही. पण खडसावताना त्यांनी काय वेचतोस हा प्रश्न विचारला होता, आणि तो प्रश्न गाताना प्रथम स्वतःकडे वळतो. दंभाला इस्लामी नीतिशास्त्रात ‘रिया’ म्हणतात. इमाम गझालींनी ‘इह्या’मध्ये तिच्यावर विस्ताराने लिहिले आहे ते साधकाने आपले मन तपासावे म्हणून; शेजाऱ्याचे तपासावे म्हणून नव्हे. उलट सूरह हुजुरातमध्ये फार संशय घेण्यापासून आणि दुसऱ्याची टेहळणी करण्यापासून दूर राहण्याची स्पष्ट आज्ञा आहे.

बगळा आणि दंभ यांची सांगड कबीराहून अर्थातच जुनी आहे. मनुस्मृतीच्या चौथ्या अध्यायात मांजरव्रती आणि बकव्रती अशा दोन प्रकारच्या ढोंगी ब्राह्मणांचा उल्लेख आहे. हे लक्षात घेण्यासारखे आहे की ती टीका वर्गाच्या आतून आतल्यांवर केलेली आहे. पंचतंत्रातील म्हातारा बगळा तळे आटणार अशी बातमी देऊन मासे एकेक करून नेतो आणि खातो. शेवटी खेकडा त्याची मान कापतो. जातककथांतही ही गोष्ट आहे. आठव्या शतकात इब्न मुकफ्फाने ‘कलीला व दिमना’ अरबीत आणले तेव्हा ही गोष्ट त्यात होती, आणि पुढे नसरुल्लाह मुन्शीच्या फारसी रूपात तो पक्षी ‘माहीखार’, म्हणजे मासे खाणारा, एवढ्याच नावाने येतो. येथे तपश्चर्येचे सोंग नाही. आहे ते म्हातारपण, खिन्न चेहरा आणि खोटी बातमी. कथेला भक्तीची गरज लागलीच नाही. फसवणूक फसवणूक म्हणून सांगता येते, तिच्यासाठी देवधर्म मध्ये आणावा लागत नाही, हे या भाषांतराच्या प्रवासातून दिसते.

आणि त्याच फारसीत पाण्याच्या काठी निश्चल उभ्या असलेल्या या कुळातील पक्ष्याचा अगदी निराळा अर्थ लावलेला आहे. फरीदुद्दीन अत्तारच्या ‘मन्तिकुत्तैर’ या काव्यात पक्षी सीमुर्गाच्या शोधात निघण्याआधी आपापल्या सबबी सांगतात. त्यात बूतीमार हा बगळ्याच्या जातीचा पक्षी म्हणतो की मी समुद्राच्या काठी तहानलेला बसतो, पण एक थेंबही पीत नाही, कारण माझ्या पिण्याने समुद्र कमी होईल. फारसीत त्याला दुःख खाणारा अशा अर्थाचेही नाव आहे. हुदहुद त्याची समजूत घालतो की तो समुद्रच स्वतः बेचैन आहे, त्याच्यात काय गुंततोस. तीच जागा, तीच मान, तेच स्तब्ध उभे राहणे. एका भाषेला त्यात लबाडी दिसली, दुसरीला विरह. पक्ष्याने दोन्हींपैकी काहीच सांगितलेले नाही.

बाजू मांडणारे साक्षीदार

बगळ्याची बाजू घेण्यासाठी फारसीपर्यंत जाण्याचीही गरज नाही. महाभारताच्या वनपर्वात तहानेने व्याकूळ झालेले चार पांडव तळ्याकाठी मरून पडतात आणि युधिष्ठिर तेथे येतो. त्याला प्रथम जो बोलतो तो स्वतःला शेवाळ आणि मासे खाऊन राहणारा बक म्हणवतो. पुढे तो यक्षरूप घेतो आणि शेवटी कळते की तो साक्षात धर्म आहे, युधिष्ठिराचा पिता. बगळ्याच्या वेषात धर्म! नेहमीच्या म्हणीची ही पूर्ण उलटी बाजू आहे: तेथे धार्मिकाच्या आत बगळा, येथे बगळ्याच्या आत धर्म. यक्षप्रश्न आपण वर्गात शिकवितो, त्यातील प्रश्नोत्तरे पाठ करून घेतो, आणि प्रश्न विचारणारा कोण होता याकडे दुर्लक्ष करतो.

त्याच पर्वात कौशिक नावाच्या तपस्व्याची कथा आहे. झाडाखाली वेदपठण करीत असताना वरून बलाकेची विष्ठा त्याच्या अंगावर पडली, त्याने रागाने वर पाहिले आणि ती पक्षीण जळून खाली आली. पुढे भिक्षेला गेल्यावर घरकामात गुंतलेल्या एका गृहिणीने त्याला थांबवून ठेवले. तो चिडला तेव्हा ती शांतपणे म्हणाली की मी काही ती बलाका नव्हे. तिनेच त्याला मिथिलेच्या मांसविक्रेत्या व्याधाकडे धर्म शिकायला धाडले. या कथेत तपस्वी गर्विष्ठ आहे, खाटीक ज्ञानी आहे, बाई दोघांची वाट दाखवणारी आहे आणि पक्षी निरपराध आहे. इतकी धीट कथा आपल्या पाठ्यपुस्तकांत क्वचितच येते.

कवींनी तर बगळ्याला उडताना पाहिले आणि आरोप विसरून गेले. मेघदूतात कालिदासाने ढगाच्या वाटेवर बलाकांना आणले आहे आणि त्यांचा संबंध गर्भधारणेशी जोडला आहे. बलाका म्हणजे नेमका कोणता पक्षी याविषयी मतभेद आहेत; परंतु बगळा धरला तर हे वर्णन निसर्गाशी जुळते, कारण मध्य भारतात बगळ्यांची वीण पावसाबरोबरच येते. चिंच, वड, बाभूळ अशा झाडांवर शेकडो घरटी एकत्र लागतात. ज्या मेघाला उज्जयिनीचे वळण घ्यायला सांगितले तो देवासपासून फार लांबून गेलेला नाही. बालकवींनी श्रावणाच्या कवितेत बगळ्यांच्या रांगेला कल्पवृक्षाच्या फुलांची माळ म्हटले. वा. रा. कांतांचे बगळ्यांच्या माळेचे गीत वसंतराव देशपांड्यांच्या आवाजात मराठी माणसाला पाठ आहे. बंगालमध्ये सहा-सात वर्षांच्या गदाधराला, म्हणजे पुढील रामकृष्ण परमहंसांना, काळ्या ढगावरून उडणारी पांढऱ्या पक्ष्यांची रांग पाहून पहिली भावसमाधी लागली असे त्यांच्या चरित्रकारांनी लिहिले आहे. तेथे ध्यान बगळ्याने लावलेले नाही. बगळ्याने दुसऱ्याला लावले. आणि मराठी खेड्यांतील मुले आकाशात बगळे दिसले की नखांवर नखे घासत त्यांच्याकडे कवडी किंवा फूल मागतात. नखावर पांढरा ठिपका उमटला की बगळ्याने दिले असे समजतात. मुलांच्या या खेळात बगळा लुबाडणारा नसून देणारा आहे. जमिनीवरच्या बगळ्याला शिवी आणि आकाशातल्याला माळ, अशी ही वाटणी दिसते. फरक पक्ष्यात नाही, आपण किती जवळ उभे आहोत यात आहे.

पाहणे आणि नाव देणे

धार जिल्ह्यातील मांडू येथे जहांगीर १६१७ साली काही महिने मुक्कामाला होता. त्यानंतरच्या वर्षी गुजरातेत त्याने आपल्या सारस पक्ष्यांच्या जोडीचे, ज्यांची नावे लैला आणि मजनू होती, जे निरीक्षण नोंदविले ते आजही वाचण्यासारखे आहे. मादी रात्रभर अंड्यांवर बसते, नर पहाऱ्याला उभा राहतो, पहाटे तो चोचीने तिला खुणावतो आणि मग स्वतः बसतो. नावे काव्यातली दिली, पण नोंद मात्र पाहिलेल्याची केली. संकेत आणि निरीक्षण एकाच माणसात भांडण न करता राहू शकतात याचे हे उत्तम उदाहरण आहे. ई. एम. फॉर्स्टर १९२१ साली देवास थोरल्या पातीच्या तुकोजीराव महाराजांचा खाजगी चिटणीस होता. ‘अ पॅसेज टू इंडिया’ (१९२४) या कादंबरीचा तिसरा भाग त्याने देवासच्या अनुभवावरून रचला. तिच्या आधीच्या एका प्रसंगात दोन इंग्रज तरुण एका हिरव्या पक्ष्याचे नाव ठरवायला बसतात आणि ते ठरत नाही, पक्षी नाहीसा होतो. इंग्रजीचे प्राध्यापक या प्रसंगाला भारताच्या गूढतेचे प्रतीक म्हणून शिकवितात. सलीम अली यांचे ‘द बुक ऑफ इंडियन बर्ड्स’ १९४१ साली निघाले. ते हाताशी असते तर त्या दोघांचा प्रश्न बहुधा पाच मिनिटांत सुटला असता आणि गूढता दुसरीकडे शोधावी लागली असती.

नाव देण्यात मात्र जोखीम आहे, आणि त्याचा दाखला तो पाचवा पक्षी. ढोकरी काठावर बसलेली असताना चिखलाच्या रंगाची असते. पायाखाली येईपर्यंत दिसत नाही. उडाली की पंख लख्ख पांढरे उघडतात. बाहेर मळकी, आत शुभ्र: कबीराच्या दुसऱ्या साखीला याहून चांगले उलट उदाहरण निसर्गात सापडणे कठीण. तिला मराठी पक्षिनामांच्या यादीत ‘वंचक’ म्हणजे फसवणारा असे नाव आहे. देवास-धारकडे हिंदीत तिलाच ‘अंधा बगुला’ म्हणतात, कारण इतक्या जवळ जाईपर्यंत ती हलत नाही तेव्हा तिला दिसत नसावे असे लोकांना वाटले. एकीकडे तिचे न हलणे म्हणजे कपट, दुसरीकडे तेच न हलणे म्हणजे आंधळेपण. पदवीच्या पहिल्या वर्षाला कविसमय शिकविताना ही दोन नावे फळ्यावर शेजारी शेजारी लिहून, महाविद्यालयाजवळच्या एखाद्या डबक्यावर मुलांना अर्धा तास उभे करणे शक्य आहे. त्यांनी फक्त तो पक्षी किती वेळ थांबला, किती वेळा चोच मारली आणि काय उचलले एवढे लिहून आणावे. पावसाळ्यात गेले तर त्याची पाठ गडद तांबडी झालेली दिसेल. आणि जवळच्या चिंचेवर घरटी असतील तर झाडाखालून जाताना छत्री न्यावी. कौशिकाची अडचण खरी होती. याच घाणीच्या तक्रारीवरून ऐन विणीत झाडे छाटली जातात आणि पिले खाली पडतात. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने या पक्ष्यांना संरक्षण आहे, घरट्यांसह.